जनरल थोरात : छावणीतून कचेरीत

आमच्या कॉलेजात 'एम.पी.एस.सी.' हे नाव जितक्या वेळा कानावर पडते तितक्या वेळा प्राचार्यांचेही पडत नसेल. अभ्यासिकेत, कँटीनमध्ये, संध्याकाळी एस.टी.ची वाट पाहताना स्टँडवर, सगळीकडे तोच विषय. माण-खटावकडून, जत-आटपाडीकडून आलेल्या मुलामुलींना दुसरे काय सुचणार? पाऊस भरवशाचा नाही, म्हणून शेती भरवशाची नाही. मग वाटा उरतात दोन : एक भरतीच्या मैदानाकडे जाते आणि दुसरी सरकारी कचेरीकडे. घरात कॉलेजची पायरी पहिल्यांदाच चढलेली मीही त्यांतलीच एक. गंमत अशी की, या दोन्ही वाटा ज्या एका माणसाच्या आयुष्यात एकत्र आल्या, त्याचे नाव आमच्या वर्गात विचारले तर दोघा-तिघांनाच ठाऊक होते. ते नाव म्हणजे लेफ्टनंट जनरल शंकरराव पांडुरंग पाटील थोरात. लष्करात ते 'एस.पी.पी. थोरात' म्हणून ओळखले गेले. आयुष्याची पस्तीस वर्षे त्यांनी पलटणीत काढली आणि निवृत्तीनंतर ते महाराष्ट्र लोकसेवा आयोगाच्या अध्यक्षपदी बसले. राज्यशास्त्राच्या तासाला सरांनी हे जाता जाता सांगितले आणि पुढच्या मुद्द्याकडे वळले. मी मात्र तिथेच अडकले.

अडकण्याला कारण होते. आमच्याकडे लष्कर ही पुस्तकातली गोष्ट नाही. सातारा तालुक्यातले अपशिंगे गाव सगळा जिल्हा 'मिलिटरी अपशिंगे' म्हणून ओळखतो. पहिल्या महायुद्धात त्या एका गावचे ४६ जवान कामी आले. माझे चुलते मराठा लाइट इन्फंट्रीतून हवालदार म्हणून पेन्शनीत आले आणि वर्षाच्या आत एका बँकेच्या दारात बंदूक घेऊन उभे राहिले. गावातल्या बहुतेक पेन्शनर शिपायांची हीच कथा आहे. म्हणून मला विचारावेसे वाटले की, शिपाई निवृत्त झाला की वॉचमन होतो, मग जनरल निवृत्त झाला की त्याला खुर्ची मिळते ती कशासाठी? मानासाठी, की कामासाठी?

थोरातांचा जन्म १२ ऑगस्ट १९०६ चा. घराणे कोल्हापूर भागातले. त्या काळी हिंदुस्थानात अधिकारी घडवणारी स्वतःची संस्था नव्हती, डेहराडूनची अकादमी १९३२ मध्ये निघाली. त्याआधी ज्यांना राजाचे कमिशन हवे असे त्या मूठभर हिंदी तरुणांना इंग्लंडला सँडहर्स्टला जावे लागे. थोरात तिथे गेले आणि १९२६ मध्ये अधिकारी होऊन आले. पुढची नोकरी पंजाब रेजिमेंटमध्ये झाली. मराठी माणूस, शिकला सँडहर्स्टला आणि हुकूम द्यायचे ते पंजाबी शिपायांना! भाषेपासून जेवणापर्यंत त्यांना किती गोष्टी नव्याने शिकाव्या लागल्या असतील याची कल्पना वसतिगृहात राहणाऱ्यांना थोडीफार येईल.

दुसऱ्या महायुद्धात त्यांचे नाव झाले ते ब्रह्मदेशात. १९४५ च्या जानेवारीत आराकान किनाऱ्यावर कंगॉ येथे जपान्यांची माघारीची वाट अडवायची होती. ते काम ज्या ५१ व्या ब्रिगेडकडे आले तिच्या तिन्ही पलटणींचे प्रमुख हिंदी होते : थिमय्या, एल. पी. सेन आणि थोरात. हिंदी अधिकाऱ्याच्या हाती अख्खी पलटण द्यावी की नाही अशी शंका इंग्रज तोपर्यंत घेत होते. तिघांनीही ती लढाई अशी लढवली की तिघांनाही डी.एस.ओ. हे मानचिन्ह मिळाले. त्यातल्या थिमय्यांशी थोरातांची जुळलेली दोस्ती पुढे अनेक वळणांवर कामी आली.

कंगॉपेक्षा मला कोरियातले थोरात अधिक मोठे वाटतात. कोरियाचे युद्ध १९५३ च्या जुलैत थांबले, पण एक पेच उरला. हजारो चिनी व उत्तर कोरियन कैदी आपल्या देशात परत जायला तयार नव्हते. कोणाला जबरदस्तीने पाठवायचे नाही आणि कोणाला जबरदस्तीने ठेवायचे नाही, असे ठरले. हे निवाड्याचे काम पाच तटस्थ राष्ट्रांच्या आयोगाकडे गेले. त्याचे अध्यक्ष थिमय्या होते आणि कैद्यांना सांभाळणाऱ्या भारतीय फौजेचे प्रमुख मेजर जनरल थोरात. कैदी होते बावीस हजार सहाशेच्या आसपास. दुसऱ्या बाजूचे, म्हणजे संयुक्त राष्ट्रांच्या फौजेतले, साडेतीनशेवर. भारतीय जवान होते सुमारे सहा हजार. दक्षिण कोरियाचे अध्यक्ष सिंगमन री यांचा भारतावर इतका राग की भारतीय शिपायाचा पाय आपल्या भूमीवर पडू देणार नाही असा त्यांनी हट्ट धरला. तेव्हा आपले जवान बोटीवरून हेलिकॉप्टरने उचलून थेट लष्करमुक्त पट्ट्यात नेऊन उतरवावे लागले!

२५ सप्टेंबर १९५३ ला कैद्यांनी मेजर ग्रेवाल नावाच्या अधिकाऱ्याला तारेच्या कुंपणाआड ओढून नेले. बाहेर भारतीय फौज बंदुका सज्ज करून उभी आणि आत शेकडो कैदी घोषणा देत आहेत. गोळी चालवली तर ग्रेवाल जिवंत राहणार नाही आणि शेकडो कैदी मरतील. न चालवली तर उद्या दुसरा अधिकारी पळवतील. थोरात मोजकी माणसे बरोबर घेऊन आत गेले. संतापलेल्या पुढाऱ्यांसमोर त्यांनी ना आवाज चढवला, ना धमकी दिली. चिनी लोकांच्या आतिथ्याची आठवण करून देत, दारी आलेल्या पाहुण्याला चहा-सिगारेट तरी विचारायची रीत आहे ना, असे त्यांनी हसत सुचवले. सिगारेटी आल्या, चहा आला, बोलणे सुरू झाले आणि ग्रेवाल सुटून आले. हा प्रसंग मी चुलत्यांना वाचून दाखवला. ते बराच वेळ गप्प बसले, मग एवढेच बोलले की, आत जाणाऱ्यापेक्षा बाहेर बोट घोड्यावर ठेवून थांबलेल्या जवानाचे कामही सोपे नव्हते. हे मला सुचले नसते.

दर वेळी चहावर भागले असे मात्र नाही. ऑक्टोबरच्या पहिल्याच दोन दिवसांत छावण्यांतून दंगे झाले, भारतीय जवानांना गोळी चालवावी लागली आणि त्यात कैदी मेले. पुष्कळ गौरवलेखांतून ही बाजू गाळलेली दिसते. ती गाळू नये. अखेर मूळ देशात परत जायला निघाले ते सहाशेहून थोडेच अधिक. बाकीचे जानेवारी १९५४ मध्ये मोकळे झाले. कोणत्याच बाजूला न जाता तटस्थ देश मागणारे ८८ जण भारतीय फौजेबरोबर बोटीने मद्रासला आले. या कामगिरीसाठी थोरातांना अशोकचक्र, वर्ग दुसरा, मिळाले. त्याच पदकाला १९६७ पासून कीर्तिचक्र म्हणतात.

यानंतर ते दिल्लीत चीफ ऑफ जनरल स्टाफ झाले आणि १९५७ मध्ये ईस्टर्न कमांडचे प्रमुख. या कमांडचे मुख्यालय तेव्हा लखनौला होते आणि तिच्या वाट्याला आलेला मुलूख म्हणजे पूर्वेकडचा सगळा डोंगराळ भाग. १९५९ च्या ऑगस्टमध्ये लाँगजू येथे चिनी सैन्याने आपल्या ठाण्यावर हल्ला केला. त्या वेळी नेफा म्हणत तो प्रदेश, म्हणजे आजचा अरुणाचल प्रदेश, त्यानंतर लष्कराच्या ताब्यात देण्यात आला. थोरातांनी त्याचा अभ्यास करून ८ ऑक्टोबर १९५९ रोजी एक टिपण तयार केले.

त्यांच्या आयुष्यातला माझ्या मते सर्वांत महत्त्वाचा कागद हाच. टिपणातले म्हणणे अगदी शेतकऱ्यालाही कळेल असे आहे. मॅकमहोन रेषेवरची ठाणी ही शेताच्या बांधावरच्या राखणदारासारखी. त्यांनी आपली हद्द दाखवायची, चोर आला तर हाळी द्यायची. बांधावर उभे राहून झुंजायचे नाही. कारण तिथे आपला रस्ता पोचत नाही, दारूगोळा पोचत नाही, आणि शत्रूचा मात्र पठारावरून सहज पोचतो. खरी झुंज मागे, जिथे आपली रसद पोचते आणि शत्रूची लांबते अशा जागी द्यायची. आणि त्यासाठी किती फौज, किती रस्ते लागतील याचा हिशेब बरोबर जोडलेला. सरसेनापती थिमय्यांना टिपण पटले. संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांना पटले नाही. चीनशी लढाईची वेळ येणारच नाही, आली तर आपण ती राजकारणाने निभावू, असा त्यांचा विश्वास होता. थोरात थांबले नाहीत. मार्च १९६० मध्ये लखनौला त्यांनी 'लाल किल्ला' नावाचा युद्धसराव मांडला. चीन कसा येईल, कुठून येईल, आपले काय होईल हे नकाशावर मांडून दाखवले. तेही तसेच राहिले.

१९६१ मध्ये थिमय्या निवृत्त व्हायचे होते. आपल्या जागी थोरात यावेत अशी त्यांची शिफारस होती. सरकारने जनरल थापर यांना नेमले. सेवाज्येष्ठतेत थापर पुढे होते हेही सांगितले पाहिजे, म्हणजे सगळाच अन्याय झाला असे वाटणार नाही. मे १९६१ मध्ये थोरात निवृत्त झाले. वय चोपन्न.

इथे एक गोष्ट सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. थोरात मे महिन्यात निवृत्त झाले आणि पुढच्याच महिन्यात, २३ जून १९६१ रोजी, साताऱ्याला देशातले पहिले सैनिक स्कूल सुरू झाले. खेड्यापाड्यांतली मुले अधिकारी व्हावीत म्हणून निघालेली ही शाळांची योजना मेनन यांचीच! ज्या मंत्र्याने एका मराठी जनरलचा कागद बाजूला सारला त्याच्याच योजनेतून आमच्या जिल्ह्यातल्या कितीतरी मुलांना सँडहर्स्टला न जाता अधिकारी होता आले. माणसांची खाती अशी एका रकमेत मांडता येत नाहीत, निदान मला तरी येत नाहीत.

पुढचे सर्वांना ठाऊक आहे. १९६२ मध्ये फौज नेमकी बांधावर, नामकाचू नदीच्या काठी, नेऊन ठेवली गेली. कित्येक जवानांच्या अंगावर सुती कपडे आणि हातात जुन्या रायफली. २० ऑक्टोबरला हल्ला झाला. महिन्याभरात बोमडिलाही पडले. टिपणात जे लिहिले होते ते तीन वर्षांनी डोंगरात घडले. मेनन यांना जावे लागले आणि त्यांच्या जागी यशवंतराव चव्हाण दिल्लीला गेले. यशवंतरावांचे देवराष्ट्रे आज सांगली जिल्ह्यात आहे, पण त्यांच्या जन्माच्या वेळी सगळा साताराच होता, त्यामुळे दोन्ही जिल्हे त्यांच्यावर हक्क सांगतात आणि सांगू द्यावा.

त्या नोव्हेंबरात पंडित नेहरूंनी थोरातांना दिल्लीला बोलावून घेतले. थोरातांनी आत्मचरित्रात ही भेट सांगितली आहे. तिचा सारांश असा की, पंतप्रधानांनी जुन्या टिपणाची चौकशी केली, आणि ते आपल्यापर्यंत आलेच नव्हते हे त्यांना तेव्हा कळले. ते कोणी पोचू दिले नाही, या प्रश्नाला थोरातांनी मेनन यांचे नाव घेऊन सरळ उत्तर दिले. ही हकीकत अर्थातच एका बाजूची आहे, लिहिणारे थोरातच. पण टिपण होते आणि सराव झाला होता, एवढे निश्चित. नंतर राष्ट्रीय संरक्षण परिषदेवर थिमय्यांबरोबर थोरातांनाही घेण्यात आले. निवृत्तीनंतर सरकारने त्यांचे ऐकायचे ठरवले ते असे.

त्यांचे दुसरे सरकारी पद लोकसेवा आयोगाचे. इथे माझ्या मैत्रिणीशी माझे दोन दिवस भांडण चालले. तिचे म्हणणे असे की, ही सगळी समजूत काढायची पद्धत आहे. करिअप्पांना ऑस्ट्रेलियात उच्चायुक्त म्हणून पाठवले, थिमय्यांना सायप्रसला शांतिसेनेवर पाठवले आणि तिथेच १९६५ मध्ये त्यांचा अंत झाला, तसे थोरातांना आयोग दिला. शिवाय ज्याने जन्मभर सॅल्यूट घेतले त्याला तलाठ्या-तहसीलदाराचे काम काय कळणार? आयुष्यभर मास्तरकी करणाराच या खुर्चीवर शोभतो.

मी घटनेचे पुस्तक काढले. परीक्षेसाठी आम्ही कलम ३१५ ते ३२३ पाठ करतो. या वेळी मी ती एका माणसाला समोर धरून वाचली. राज्य आयोगाच्या अध्यक्षाला राज्यपाल नेमतात, पण त्याला काढून टाकण्याचा अधिकार राज्यपालांना नाही, मुख्यमंत्र्यांना तर नाहीच. गैरवर्तनाचा आरोप असेल तर राष्ट्रपतींनी प्रकरण सर्वोच्च न्यायालयाकडे पाठवायचे आणि मगच निर्णय. आयोगाचा खर्च संचित निधीवर भारित, म्हणजे त्यावर विधानसभेत मतदान होत नाही. मुदत सहा वर्षे किंवा, थोरातांच्या काळी, वयाची साठ वर्षे. १९७६ च्या घटनादुरुस्तीने ती बासष्ट झाली. आणि सर्वांत कडक अट कलम ३१९ ची : अध्यक्षपद सुटल्यावर अशाच दुसऱ्या आयोगाखेरीज सरकारची कोणतीही नोकरी मिळणार नाही. म्हणजे या खुर्चीवर बसणाऱ्याला पुढे मिळण्यासारखे फारसे काही उरत नाही आणि म्हणूनच त्याने कोणाला खूश ठेवण्याचे कारण नाही. समजूतच काढायची असती तर याहून पुष्कळ मऊ खुर्च्या सरकारपाशी होत्या.

मैत्रिणीच्या दुसऱ्या आक्षेपालाही घटनेत उत्तर आहे. आयोगाचे जवळजवळ निम्मे सभासद सरकारी सेवेत किमान दहा वर्षे काढलेले असावेत असे तीच सांगते, आणि सैन्यातली नोकरी ही भारत सरकारचीच नोकरी. शिवाय माणूस निवडणे हे पलटणीतल्या अधिकाऱ्याचे रोजचे काम असते. कोणाला नाईक करायचे, कोणाला हवालदार, कोणाच्या हाती तुकडी द्यायची, हे त्याला जात-गाव न पाहता ठरवावे लागते. चुकले तर माणसे मरतात. मुलाखतीच्या टेबलापलीकडे असा माणूस बसलेला असावा असे मला, उद्या त्या टेबलासमोर जाणारी म्हणून, नक्की वाटते. आमच्या घरात कोणाची ओळख नाही, शिफारसपत्र आणायला कोणी आमदार नाही. ज्याला बांधावरच्या शिपायाचा हिशेब कळतो त्याला खताच्या पिशवीत पुस्तके घालून सातारला आलेल्या मुलीचाही कळेल, एवढीच माझी आशा.

मैत्रीण अर्धीच मानली. जनरलच कशाला, मग सुभेदारालाही आयोगावर का नेमत नाहीत, हा तिचा शेवटचा प्रश्न. त्याला माझ्यापाशी उत्तर नाही आणि चुलत्यांना तो फार आवडला.

वाचता वाचता कलम ३२३ पाशी मात्र मी थांबले. आयोगाचा सल्ला सरकारवर बंधनकारक नसतो, सरकार तो नाकारू शकते. पण दरवर्षी आयोगाचा अहवाल विधिमंडळापुढे ठेवावा लागतो, आणि ज्या ज्या बाबतीत सल्ला मानला नाही तिथे का मानला नाही, याचे निवेदन सोबत जोडावे लागते. ज्या अधिकाऱ्याचे टिपण लखनौहून दिल्लीला गेले आणि कारण न देता बाजूला पडले, तोच अधिकारी पुढे अशा संस्थेचा प्रमुख झाला की जिचा सल्ला नाकारायचा तर सरकारला चारचौघांत कारण सांगावे लागते. सैन्याच्या सल्ल्याला असे कलम लावता येणार नाही हे मला समजते, युद्धाचे बेत विधिमंडळाच्या टेबलावर ठेवत नाहीत. तरी पंतप्रधानांच्या टेबलावर ठेवायला काय हरकत होती?

आयोगाचे काम संपल्यावर थोरात कोल्हापुरात राहिले. १९८६ मध्ये त्यांचे इंग्रजी आत्मचरित्र 'फ्रॉम रेव्हिली टू रिट्रीट' प्रसिद्ध झाले. डिक्शनरीत 'रिट्रीट'चा पहिला अर्थ माघार असा आहे. पण चुलत्यांनी सांगितले की पलटणीत रेव्हिली म्हणजे पहाटेचा बिगुल आणि रिट्रीट म्हणजे दिवस मावळताना निशाण उतरवतानाचा. ८ ऑक्टोबर १९५९ च्या त्या टिपणाची हकीकत थोरातांनी या पुस्तकात सविस्तर दिली आहे. तेव्हा ते ऐंशी वर्षांचे होते आणि टिपणाला सत्तावीस वर्षे झाली होती. पुढे सहा वर्षांनी, १९९२ च्या ऑगस्टमध्ये, त्यांचे निधन झाले.